मार खाणाऱ्याशिवाय फाईट उभी राहत नाही

गेल्या अंकात ब्रूस लीवर लिहिलं आणि त्यानंतर पत्रं, मेसेज, फोन काय थांबेनात. मला लई बरं वाटलं ते याचं की निम्म्याहून जास्त लोकांनी ब्रूस लीबद्दल विचारलंच नाही, विचारलं ते त्याच्यासमोर उभं राहून मार खाणाऱ्यांबद्दल. म्हणून या वेळचं सगळं पान त्यांनाच दिलंय. सगळी पत्रं घेता आली नाहीत, एकसारखे प्रश्न होते तिथं एकच घेतलाय.

प्रश्न : ‘कुंग फू हसल’ टीव्हीवर लागला की आमच्या घरात कोण जागचं हलत नाही. त्यातला तो घरमालक, बारीक मिशीचा, बायकोचा मार खाणारा, तो कोण? पोरगं म्हणतंय तो ब्रूस लीचा डुप्लिकेट होता. मला पटत नाही, एवढ्या वर्षांत कधी नाव ऐकलं नाही. (शाहूपुरीतून एक वाचक)

उत्तर : दादा, पोरगं बरोबर बोलतंय. त्याचं नाव युएन वा. जन्म 1950 चा. आणि नाव ऐकलं नसलं तरी तुम्ही त्याला आधी बघितलंय, फक्त तोच तो आहे हे कळायला काही मार्गच नव्हता.

‘फिस्ट ऑफ फ्युरी’ आठवा, 1972 चा. बागेच्या गेटवर पाटी असते, कुत्र्यांना आणि चिन्यांना आत प्रवेश नाही, आणि तिथं एक जपानी माणूस ब्रूस लीला हसत हसत म्हणतो की कुत्र्यासारखा चाल म्हणजे आत नेतो. मग जे व्हायचं ते होतं. तो जपानी म्हणजे युएन वा. आणि त्याच पिक्चरमध्ये, पुढं ‘एंटर द ड्रॅगन’मध्येसुद्धा, जिथं जिथं ब्रूस ली हवेत कोलांटी मारताना दिसतो तिथं तो ब्रूस ली नसतोच, तो पण युएन वा. ब्रूस लीची लाथ आणि ठोसा त्याचा स्वतःचा, त्यात वादच नाही, पण जिम्नॅस्टिकच्या उड्या हे काय त्याचं काम नव्हतं. म्हणजे बघा, एकाच पिक्चरमध्ये हा माणूस एकीकडं हिरोचा मार खातोय आणि दुसरीकडं पाठमोरा होऊन हिरोच झालाय, आणि थेटरातनं बाहेर पडणाऱ्या एकाला पण त्याचं नाव माहीत नाही.

हे आलं कुठनं? हाँगकाँगमध्ये यू जिम-युएन नावाचे एक गुरू होते, त्यांची चायनीज ऑपेराची शाळा होती. ऑपेरा म्हणजे नुसतं गाणं नाही, गाणं, अभिनय, तलवार, भाला, कोलांट्या सगळं एकत्र. आईबाप पोरगं सात-आठ वर्षांचं असताना करार करून तिथं सोडायचे, मग पोरगं गुरूच्या ताब्यात. राहणं, खाणं, झोपणं तिथंच आणि चुकलं की वेताची छडी. भिंतीला पाय लावून हातावर उभं राहायला लावायचे ते हात थरथरायला लागले तरी सोडायचे नाहीत. गुरूच्या नावातलं ‘युएन’ शिष्यांच्या नावाला लागायचं, म्हणून युएन वा, युएन बियाव, युएन क्वाय असे एवढे युएन दिसतात, ते काय सख्खे भाऊ नव्हेत. जॅकी चॅन याच शाळेतला, सॅमो हंग याच शाळेतला. यातल्या निवडक पोरांचा संच कार्यक्रम करायचा, त्याला सात छोटे भाग्यवान अशा अर्थाचं नाव होतं.

पण ही पोरं मोठी होईपर्यंत ऑपेरा बघणारं पब्लिकच सिनेमाकडं गेलं. म्हणजे दहा-दहा वर्षं शरीर तयार केलं आणि ज्या स्टेजसाठी केलं ते स्टेजच राहिलं नाही. मग उरला फक्त सिनेमा, आणि सिनेमाला हवे होते पडणारे. हिरो एक आणि पडणारे चाळीस, तिथं रोजावर काम मिळायचं. आपल्याकडं संगीत नाटक मागं पडल्यावर नाटकातली माणसं प्रभातसारख्या फिल्म कंपन्यांच्या दारात आली तसंच थोडं, फक्त तिकडं गळा विकायचा नव्हता, हाडं विकायची होती.

युएन वा याला चेहरा दिला तो सॅमो हंगनं, त्याच्याच शाळेतल्या मोठ्या गुरुबंधूनं. 1987 च्या ‘ईस्टर्न काँडर्स’मध्ये तो व्हिएतनामी जनरल झालाय, अंगानं एकदम किडकिडीत, डोळ्यावर चष्मा, हातात पंखा, आणि सारखा खिदळतोय. मला विचाराल तर मार्शल आर्ट पिक्चरमधला इतका अस्वस्थ करणारा व्हिलन दुसरा नाही, कारण तोपर्यंत व्हिलन म्हणजे आडदांड माणूस असं ठरलेलं, आणि हा हसत हसत असा काही सुटतो की बघणाऱ्याचा श्वास अडकतो. पुढच्या वर्षी ‘ड्रॅगन्स फॉरेव्हर’मध्ये सिगार ओढणारा ड्रग्जवाला व्हिलन, 1989 ला ‘आइसमन कमेथ’मध्ये युएन बियावच्या विरोधात, 1992 ला ‘पोलीस स्टोरी 3’. मग टीव्ही मालिका आणि बारीकसारीक रोल.

आणि मग 2004. स्टीफन चाऊनं ‘कुंग फू हसल’साठी मुद्दाम जुनी माणसं गोळा केली. घरमालकीण झालेली युएन च्यू पण त्याच ऑपेरा शाळेतली, 1974 च्या जेम्स बाँडपटात ती शाळकरी पोरीच्या रोलमध्ये मारामारी करून गेलेली. शेवटचा तो चप्पल घातलेला टकलू व्हिलन, ब्रूस लियुंग, सत्तरच्या दशकात हिरो होता. पुढच्या वेळी पिक्चर लागला की एक जागा नीट बघा. मालकीण नवऱ्याला खिडकीतनं खाली फेकते, तो तोंडावर आपटतो आणि वरनं कुंडी येऊन डोक्यावर पडते. सगळे हसतात. पण तो पडून झाल्यावर किती वेळ निपचित राहतो, कुंडी पडताना तसूभर हलत नाही, हे बघा. कुंडीची वाट बघतोय असं जराही वाटलं असतं तर हसू आलंच नसतं. हे लहानपणी त्या शाळेत घोटलेलं आहे.

त्या रोलसाठी 2005 मध्ये हाँगकाँग फिल्म अवॉर्डमध्ये त्याला सर्वोत्कृष्ट सहाय्यक अभिनेत्याचं बक्षीस मिळालं. बागेच्या गेटवरच्या मारापासून मोजलं तर 33 वर्षांनी. आणि तो थांबला नाही, 2021 च्या मार्व्हलच्या ‘शांग-ची’मध्ये गावातला म्हातारा गुरू तोच आहे, सत्तरीतला. पोराला सांगा, शाबास.

प्रश्न : ‘एंटर द ड्रॅगन’मधल्या हानचा आवाज काय भारी आहे, पण त्याच नटाचे बाकीचे पिक्चर बघितले तर आवाज वेगळाच. असं का? (उत्तरेश्वर पेठेतून)

उत्तर : कारण आवाज त्याचा नाहीच. व्हिलन हान झालेले शिह किएन, त्यांना इंग्रजी येत नव्हतं, आवाज दिलाय की ल्यूक या अमेरिकेतल्या चिनी नटानं, ‘कुंग फू’ या अमेरिकन मालिकेतले आंधळे गुरू पो म्हणजे तेच.

शिह किएनबद्दल मात्र थोडं जास्त सांगितल्याशिवाय राहवत नाही. जन्म 1913 चा, म्हणजे ब्रूस लीशी आरशांच्या खोलीत लढताना हा माणूस साठीला टेकलेला. 1949 पासून हाँगकाँगमध्ये वाँग फेई-हंग या लोकनायकावर एकामागोमाग एक पिक्चर निघत गेले, हिरो कायम क्वान टाक-हिंग आणि व्हिलन बहुतेक वेळा शिह किएन. वर्षानुवर्षं तेच दोघं, तीच भांडणं, शेवटी तोच मार. निळूभाऊ फुले रस्त्यानं दिसले की बायका तोंड फिरवायच्या असं आपल्याकडं सांगतात ना, तसा हा तिकडचा माणूस, त्याचं ते खदाखदा हसणं हीच त्याची सही होती. आणि खरा शिकलेला, चिन वू या नामांकित संस्थेत कुंग फू केलेला. 1980 मध्ये जॅकी चॅनच्या ‘यंग मास्टर’मध्ये मात्र तो चांगला, विनोदी पोलीस प्रमुख झालाय, ते बघताना फार आनंद होतो. 2009 मध्ये 96 व्या वर्षी गेले.

प्रश्न : आमच्यात मिसळीची पैज लागलीय. मित्र म्हणतोय ‘एंटर द ड्रॅगन’मध्ये ब्रूस लीनं त्या आडदांड बोलोला मारलं, मी म्हणतोय नाही. (कळंब्याहून)

उत्तर : मिसळ तुमची. ‘एंटर द ड्रॅगन’मध्ये बोलोला मारतो तो जॉन सॅक्सन, रोपरच्या रोलमधला. ब्रूस ली आणि बोलोची त्या पिक्चरमध्ये फाईट नाहीच.

पण मित्राला पण वाईट वाटून देऊ नका, त्याच्या डोक्यात गोंधळ झाला त्याला कारण आहे. ब्रूस ली 1973 ला गेल्यावर त्याच्यासारखी दिसणारी माणसं घेऊन पिक्चरांचा नुसता बाजार मांडला होता आणि त्या नकली ब्रूस लींसमोर खरा बोलो उभा करायचे, म्हणजे पोस्टरवर तरी जरा वजन यायचं. ते पिक्चर बघितलेल्यांना आपण खरी फाईट बघितली असंच वाटतं. बोलो युंग 1946 चा, चीनमधनं हाँगकाँगला आलेला, वजन उचलणारा, मिस्टर हाँगकाँग झालेला. आधी यांग झे नावानं कामं करायचा, ‘एंटर द ड्रॅगन’मधल्या पात्राचं नावच त्याला जन्माचं चिकटलं. 1988 च्या ‘ब्लडस्पोर्ट’मध्ये व्हॅन डॅमसमोरचा चोंग ली तोच, तेव्हा चाळिशी ओलांडलेला, छाती बघून कोण म्हणेल?

प्रश्न : माझे मामा कोल्हापुरातल्या स्टुडिओंमध्ये मारामारीच्या सीनला जायचे. किती पिक्चरमध्ये मार खाल्ला त्यांचं त्यांनाच माहीत. घरात सगळे हसायचे, मी पण हसलेय. आता ते नाहीत. तुम्ही या लोकांबद्दल एवढं लिहिता म्हणून विचारते, मार खाण्यात नक्की काय कला असते? (लक्ष्मीपुरीतून एक ताई)

उत्तर : ताई, तुमचं पत्र मी परत परत वाचलं. नीट सांगायचा प्रयत्न करतो.

खासबाग मैदान घ्या, शाहू महाराजांनी बांधलेलं. तिथं आखाडा मधे आणि चारी बाजूंनी लोक वर चढत गेलेले, कुठनंही बघा, सगळं दिसतं, म्हणून तिथं खोटी कुस्ती दोन मिनिटं टिकत नाही. पिक्चरमध्ये बघणारा एकाच जागी असतो, कॅमेऱ्याच्या जागी. तेव्हा ठोसा गालाच्या चार बोटं पुढनं गेला तरी कॅमेऱ्याला लागल्यासारखा दिसतो, पण कधी? मार खाणाऱ्यानं नेमक्या त्या क्षणी मान फिरवली तर. आधी फिरवली तर घाबरला वाटतं, उशिरा फिरवली तर ठोसा हवेत गेला हे पब्लिकला कळतं. मारणाऱ्याला फक्त हात फिरवायचाय. तो ठोसा किती जोरात होता हे ठरवतो मार खाणारा. मान किती गेली, पाय कधी उचलले, टेबलावर पाठ पडली का बरगडी, यावर हिरोची ताकद ठरते. एकशेवीस किलोचा माणूस बारक्या ठोशानं हवेत गेला तर तो ठोसा बारका राहत नाही.

आता हाँगकाँगवाल्यांनी यात एक जास्तीचं केलं, ते मारणं आणि लागणं एकाच शॉटमध्ये दाखवायचे. आपल्याकडं पुष्कळदा हिरोची मूठ एका शॉटमध्ये आणि व्हिलन पडलेला दुसऱ्या शॉटमध्ये, मधे ढिशूम. त्यात फसवायला जागा असते. त्यांच्याकडं दोघं एकाच फ्रेममध्ये, सुरुवातीपासून शेवटपर्यंत, म्हणजे पडणारा खरंच पडायला पाहिजे. कपड्यांवर बारीक पावडर मारून ठेवायचे, लाथ बसली की धुरळा उडायचा आणि लाथेचं वजन डोळ्याला दिसायचं. पावडर उडायची म्हणजे लाथ थोडी तरी लागायलाच पाहिजे हो, हलकी का असेना, आणि टेक दहा-वीस झाले की हलकी लाथ पण हलकी राहत नाही. वर तिकडं कितीतरी वर्षं शूटिंगला आवाज घ्यायचेच नाहीत, सगळं नंतर डब, त्यामुळं हा जो कळवळून ओरडतोय तो आवाज पण दुसऱ्याचाच. म्हणजे शरीर याचं, ओरडणं भलत्याचं आणि पोस्टरवर नाव तिसऱ्याचं.

‘फिस्ट ऑफ फ्युरी’च्या शेवटी ब्रूस लीच्या लाथेनं मुख्य व्हिलन दार फोडून बाहेर अंगणात जाऊन पडतो, ती जागा लोकांना ब्रूस लीची म्हणून आठवते. हवेतनं गेलेलं ते शरीर विशीच्या आतल्या जॅकी चॅनचं आहे. जॅकी चॅन पुढं मोठा झाला म्हणून आपल्याला हे कळलं. नसता झाला तर त्या शॉटमध्ये कोण होतं हे विचारायचं कुणाच्या मनात पण आलं नसतं.

तालमीत तुम्ही कधी डोकावला असाल तर माहीत असेल, गंगावेशला म्हणा, मोतीबागेत म्हणा, नावाजलेल्या पैलवानाला रोज सकाळी कुणीतरी अंगावर घ्यावं लागतं, त्याचे डाव सोसावे लागतात, चीतपट व्हावं लागतं. मैदान मारल्यावर फेटा त्या एकट्यालाच बांधतात, पण वस्तादाला विचारा, तो दुसऱ्याचं नाव घेतल्याशिवाय राहत नाही.

सिनेमाच्या जगानं हे नाव घ्यायला फार उशीर लावला. हाँगकाँगनं त्यातल्या त्यात लवकर, तिथं 1983 पासून ॲक्शन बसवणाऱ्याला वेगळं बक्षीस आहे. आपल्या राष्ट्रीय पुरस्कारात स्टंटला जागा मिळाली ती 2017 मध्ये जाहीर झालेल्या पुरस्कारांत. ऑस्करवाल्यांनी तर आत्ता 2025 मध्ये ठरवलं, आणि पहिलं बक्षीस देणार 2028 ला. आणि हे सगळं पण बसवणाऱ्याला, पडणाऱ्याला यात काहीच नाही.

आपल्याच गावाचं बघा. मास्टर विठ्ठल इथल्या महाराष्ट्र फिल्म कंपनीतनं पुढं आले, मूकपटातले सगळ्यात गाजलेले स्टंट हिरो, 1931 च्या ‘आलम आरा’चे हिरो, आणि नंतर बाजूचे रोल करत राहिले. एवढ्या माणसाचं नाव आज कॉलेजच्या पोरांना सांगावं लागतं, तर तुमच्या मामांचं कोण कुठं लिहून ठेवणार? म्हणून ताई, मनापासनं सांगतो, घरात त्यांचे फोटो असतील, कुठल्या पिक्चरचं काम कधी केलं हे मामींना, त्यांच्या दोस्तांना आठवत असेल, ते एका वहीत लिहून काढा. कुठल्या सीनमध्ये, कुणाच्या डाव्या बाजूला, असं बारीक लिहा. मला दाखवा, मी या पानावर आनंदानं छापीन.

प्रश्न : ‘मिस्टर व्हॅम्पायर’मधल्या मांत्रिकाचं काम केलेल्या नटाचे अजून पिक्चर सुचवा ना. (विद्यापीठाच्या हॉस्टेलवरून)

उत्तर : लाम चिंग-यिंग. दोन्ही भुवया जुळलेला तो पिवळ्या झग्यातला मांत्रिक. हा पण ऑपेरातनंच आला, स्टंटमन म्हणून, अंगानं बारीक असल्यामुळं हिरोइनींच्या जागी उड्या मारायला यालाच उभं करायचे. ब्रूस लीच्या पिक्चरांत त्याच्या हाताखाली कामं केली, मग सॅमो हंगच्या टीममध्ये.

तुम्ही ‘प्रॉडिगल सन’ बघा, 1981 चा. त्यात तो ऑपेरात बायकांची कामं करणारा नट आहे, आपण स्त्री पार्टी म्हणतो तसा, दम्याचा आजारी, आणि विंग चुन या कुंग फूच्या प्रकाराचा जबरदस्त उस्ताद. भुवया काढून टाकल्यात त्या रोलसाठी. ज्या गावात केशवराव भोसल्यांचं नाव घेतात त्या गावातल्या माणसाला हा रोल वेगळा समजावून सांगायची गरज नाही, स्टेजवरची ती नाजूक बोटं आणि दोन मिनिटांनी त्याच हातांचा मारा, असं काम मी दुसऱ्या कुणाचं बघितलं नाही. फाईट बसवण्यात पण तो होता आणि मघाशी म्हटलं ते 1983 चं बक्षीस याच पिक्चरच्या टीमला मिळालं. 1985 ला ‘मिस्टर व्हॅम्पायर’ तुफान चालला आणि मग जो तो त्याच्याकडं तोच मांत्रिक मागायला लागला. आपल्या गणपत पाटलांना नाच्या सोडून दुसरं कुणी काही दिलं नाही, तेच दुःख. 1997 मध्ये लिव्हरच्या कॅन्सरनं गेला, फक्त 44 वर्षांचा होता.

प्रश्न : मी अकरावीत आहे, मर्दानी खेळ करतो, लाठी आणि दांडपट्टा चांगला येतो, व्हिडिओ पाठवलाय. मला पिक्चरमध्ये फायटर व्हायचंय, घरचे नको म्हणतात. काय करू? (शिवाजी पेठेतून)

उत्तर : भावा, व्हिडिओ बघितला. लाठी सुरेख फिरते तुझी, पाय पण जागेवर आहेत. घरचे नको म्हणतात ते काळजीपोटी, त्यांच्याशी भांडू नको. अठरा पूर्ण होईपर्यंत बारावी कर, हे काम लहान पोरांना कुणी देत नाही आणि देत असेल तर तो माणूस बरा नाही. मुंबईत स्टंटवाल्यांची संघटना आहे, त्यांचं कार्ड असल्याशिवाय नीट काम मिळणं अवघड, कार्ड कसं मिळतं याची चौकशी थेट संघटनेतच कर, मधल्या एजंटला एक रुपया देऊ नको. विम्याचं पहिलं विचारायचं, लाजायचं नाही. 2017 मध्ये अक्षय कुमारनं पुढाकार घेऊन स्टंट आर्टिस्टांसाठी विम्याची योजना सुरू केली तोपर्यंत या लोकांना विमा मिळायचीच मारामार होती.

आणि शस्त्र येतंय तर आता जिम्नॅस्टिकच्या सरांकडं जा, गादीवर, आणि मारणं विसरून फक्त पडायला शिक. पुढं, मागं, बाजूला. तुझ्या व्हिडिओत शेवटी तोल जाऊन तू मागं पडलास तेव्हा सरळ हात जमिनीला टेकलास, तो हात असाच टेकत राहिलास तर मनगट जाणार. हनुवटी छातीला लाव, पाठ गोल कर, खांद्यावरनं लोळ आणि तळव्यापासून कोपरापर्यंतचा सगळा हात एकदम आपटून जोर जमिनीत घालव. हे झोपेत उठवलं तरी जमायला लागलं की नवा व्हिडिओ पाठव, लाठीशिवायचा.